मागच्या रांगेतला आवाज

(आकाशवाणीवरून प्रसारित झालेल्या भाषणाचा संपादित भाग)

श्रोतेहो, सकाळच्या वेळी एखाद्या शाळेवरून जाणं झालं, तर दोन मिनिटं फाटकापाशी थांबून बघा. परिपाठ चाललेला असतो. राष्ट्रगीत होतं, प्रतिज्ञा होते आणि मग प्रार्थना सुरू होते. पुढच्या रांगांतल्या लहान मुली सुरात असतात. मधल्या रांगा अर्धी मात्रा मागून येत असतात. आणि अगदी मागे, जिथे नववी-दहावीची मुलं उभी असतात, तिथून नुसता घुमल्यासारखा आवाज येत असतो. शब्द कळत नाहीत, सूर सापडत नाही, पण आवाज असतो. याला कुणी वृंदगान म्हणणार नाही. तरीही आपल्या राज्यात तरुण मुलं सर्वांत जास्त संख्येने एकत्र कुठे गातात असं कुणी विचारलं, तर मी याच मैदानाकडे बोट दाखवीन.

आणि ही मुलं गातात काय? बहुतेक वेळा सिनेमाचं गाणं. ‘ऐ मालिक तेरे बंदे हम’ हे १९५७ च्या ‘दो आँखें बारह हाथ’मधलं, ‘हमको मन की शक्ति देना’ हे १९७१ च्या ‘गुड्डी’मधलं आणि ‘इतनी शक्ति हमें देना दाता’ हे १९८६ च्या ‘अंकुश’मधलं. ही गाणी आज प्रार्थना म्हणून आपल्याला इतकी सवयीची झाली आहेत, की कधीकाळी ती नवी होती, थिएटरात वाजत होती, हे लक्षातही येत नाही. पडद्यासाठी केलेलं गाणं मैदानात कसं आलं, वाटेत त्याचं काय झालं आणि ते आणताना आपण काय शिकलो, हे आज सांगायचं आहे.

मला हे सांगण्याचा अधिकार किती, तेही आधीच सांगतो. मी गणिताचा शिक्षक. भोकरदन तालुक्यातल्या एका माध्यमिक शाळेत १९७९ साली रुजू झालो. तेव्हा जालना हा वेगळा जिल्हाही नव्हता, आम्ही औरंगाबाद जिल्ह्यात होतो. जिल्हा झाला १ मे १९८१ रोजी. घरी वडिलांची पेटी होती आणि मला चार भजनं वाजवता येत होती. एवढ्या पात्रतेवर मुख्याध्यापकांनी गाण्याचं काम माझ्या गळ्यात घातलं. संगीत शिक्षकाचं पद आमच्या शाळेत नव्हतंच.

‘तू नुसते ओठ हलव’

१९८७ साली तालुक्याला समूहगान स्पर्धा होती. आम्ही ‘गुड्डी’तलं गाणं बसवलं. वाणी जयराम यांनी गायलेलं, वसंत देसाईंचं, केदार रागाच्या अंगाने जाणारं. पंधरा मुलं-मुली निवडली. त्यांत नववीतला एक मुलगा होता. सातवीपर्यंत त्याचा गळा फार गोड होता. शाळेत पाहुणे आले की त्यालाच उभं करायचे. पण त्या वर्षी त्याचा आवाज फुटत होता. मधेच खाली घसरायचा, मधेच चिरकायचा. अंतरा वर चढायला लागला की सगळ्यांच्या माना त्याच्याकडे वळायच्या.

स्पर्धेच्या आदल्या दिवशी मी त्याला बाजूला घेतलं आणि सांगितलं, ‘तू नुसते ओठ हलव. आवाज काढू नको.’ त्याने मान हलवली. आमचा दुसरा क्रमांक आला. ढाल घेऊन आम्ही एसटीने परत आलो. पोरं वाटभर गात होती. तो खिडकीपाशी बसला होता.

त्या दिवशी मला यात काही चुकलं असं वाटलं नाही. स्पर्धा होती, गाणं बेसूर होऊन चालणार नव्हतं. पण गणितात उत्तर जुळलं तरी रीत चुकलेली असू शकते, हे मी मुलांना रोज सांगत होतो. स्वतःची चुकलेली रीत मला कळली ती पुढे, जेव्हा या गाण्यांचा मागोवा घेऊ लागलो तेव्हा.

आमच्या भागात एकत्र गाणं

एकत्र म्हणण्याची परंपरा आमच्या जिल्ह्याला नवी नाही. घनसावंगी तालुक्यातलं जांब हे समर्थ रामदासांचं जन्मगाव. त्यांचे मनाचे श्लोक २०५. सगळे भुजंगप्रयात वृत्तात, प्रत्येक ओळीत १२ अक्षरं, चाल एकच. एक श्लोक ऐकला की उरलेले म्हणता येतात. प्रत्येक ओळीची लांबी सारखी, त्यामुळे पन्नास माणसं एकाच ठिकाणी श्वास घेतात. मागे राहणारा पुढच्या ओळीला येऊन मिळतो. पुष्कळांनी मिळून म्हणायची रचना कशी असावी, याचा हा उत्तम नमुना आहे. भजनातही तेच. एक जण सांगतो, बाकीचे टाळ धरून झेलतात. ज्याला गळा नाही, त्याला टाळ आहे.

पण नवं गाणं, आजच्या काळाचं गाणं एकत्र म्हणणं, ही आमच्या भागात एकेकाळी जोखमीची गोष्ट होती. १९४८ पर्यंत मराठवाडा हैदराबाद संस्थानात होता. शाळांतून निजामाच्या राज्याचं कल्याण चिंतणारं उर्दू गीत म्हणावं लागे. १९३८ साली औरंगाबादच्या इंटरमिजिएट कॉलेजातल्या आणि हैदराबादच्या उस्मानिया विद्यापीठातल्या विद्यार्थ्यांनी वसतिगृहाच्या प्रार्थनेत ‘वंदे मातरम्’ म्हणायला सुरुवात केली. त्यावर बंदी आली. मुलांनी माघार घेतली नाही, संप झाला आणि शेकडो विद्यार्थ्यांना काढून टाकण्यात आलं. त्यांतल्या अनेकांना नागपूर विद्यापीठाने आपल्याकडे घेतलं, म्हणून त्यांची शिक्षणं पुरी झाली. ही पोरं अठरा-वीस वर्षांची होती. त्यांतले किती जण सुरात गात होते, याची कुणी नोंद ठेवलेली नाही. कुणी तशी चौकशीही केली नसेल.

१७ सप्टेंबरला आमच्याकडे मुक्तिसंग्राम दिनाचं झेंडावंदन होतं. त्या दिवशी मुलं गातात तेव्हा मला ही वसतिगृहातली मुलं आठवतात. आणि मग माझं ते ‘ओठ हलव’ जास्तच बोचतं.

गाणं बँडवर चढतं तेव्हा

याच गीताची पुढची कथा आपल्या विषयाच्या मध्यावर नेणारी आहे. स्वातंत्र्य मिळालं आणि राष्ट्रगीत कोणतं, हा प्रश्न आला. आळंदीत जन्मलेले, भास्करबुवा बखल्यांचे शिष्य आणि ‘प्रभात’चे संगीतकार मास्टर कृष्णराव फुलंब्रीकर यांनी ‘वंदे मातरम्’साठी झिंझोटी रागाच्या आधाराने चाल बांधली होती. राष्ट्रगीताला हवेत ते सगळे गुण या चालीत आणण्यासाठी त्यांनी जिवाचं रान केलं. हजारो लोकांना एकत्र म्हणता आलं पाहिजे, शब्द नीट कळले पाहिजेत आणि लष्करी बँडवर वाजवता आलं पाहिजे. दिल्लीला जाऊन त्यांनी घटना समितीच्या सदस्यांसमोर ते गाऊन दाखवलं, बँडवरही वाजवून दाखवलं.

आपल्याला वाटतं, राष्ट्रगीताचा निर्णय शब्दांवरून किंवा राजकारणावरून झाला असेल. ते होतंच. पण २५ ऑगस्ट १९४८ रोजी पंडित नेहरूंनी घटना समितीत जे निवेदन केलं, त्यात वाद्यवृंदाचा मुद्दा ठळक होता. १९४७ मध्ये न्यूयॉर्कला संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेच्या वेळी ‘जन गण मन’ वाद्यवृंदावर वाजवलं गेलं आणि तिथल्यांना ते आवडलं, हे त्यांनी सांगितलं. परदेशात आपलं गीत वाद्यांवर वाजणार, तेव्हा चाल त्या जोगती हवी, असा त्यांचा रोख होता. पुढे २४ जानेवारी १९५० रोजी ‘जन गण मन’ राष्ट्रगीत ठरलं आणि ‘वंदे मातरम्’ला तितकाच मान देण्याचं जाहीर झालं.

मास्टर कृष्णरावांच्या मनासारखं झालं नाही. पण त्यांनी स्वतःपुढे ठेवलेले प्रश्न बघा. गाणं बँडवर कसं चढवायचं? हजारो लोकांच्या गळ्यात कसं उतरवायचं? एका मैफिलीच्या गवयाने, ज्याचा गळा ताना-हरकतींनी भरलेला होता, त्याने आपली सगळी विद्या बाजूला ठेवून साध्या गळ्याच्या माणसाचा विचार केला. पुढे डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या सांगण्यावरून त्यांनी बुद्ध वंदनेलाही चाल दिली. तीही समूहाने म्हणायची.

वसंत देसाईंची शाळा

आता त्या सिनेमाच्या गाण्यांकडे येऊ. मघाशी सांगितलेल्या तीन प्रार्थनांपैकी दोन एकाच माणसाच्या आहेत, हे पुष्कळांना ठाऊक नसतं. वसंत देसाई. जन्म १९१२, कोकणातल्या सोनवडे गावचा. ‘प्रभात’मध्ये ते पोरवयात आले आणि पुढे व्ही. शांतारामांच्या अनेक चित्रपटांचे संगीतकार झाले.

‘दो आँखें बारह हाथ’ची कथा सुटली ती आटपाडीजवळच्या स्वतंत्रपूरच्या खुल्या तुरुंगावरून. सहा कैदी आणि एक जेलर. भरत व्यासांची ती प्रार्थना लता मंगेशकरांच्या आवाजात आहे, पण चित्रपटात ती कैद्यांसाठी आहे. म्हणजे ज्यांना गाणं शिकवलेलं नाही, अशा माणसांसाठी. ‘गुड्डी’ची तर सुरुवातच शाळेच्या प्रार्थनेने होते. प्रार्थना चालू असताना जया भादुरी उशिरा पोचते. गुलजारांचे शब्द. पडद्यावर शाळेची प्रार्थना म्हणून आलेलं गाणं थोड्याच वर्षांत खरोखरच शाळाशाळांतून सुरू झालं, अशी उदाहरणं फार नाहीत.

हा योगायोग नव्हता. वसंत देसाईंना समूहगानाचं वेड होतं. १९६२ च्या चीनच्या युद्धानंतर, १९६३ मध्ये ‘छोटा जवान’ चित्रपट आला. त्यातल्या गदिमांच्या ‘जिंकू किंवा मरू’ला त्यांनी दिलेली चाल राज्यभरच्या शाळांत कवायतीच्या तालावर म्हटली गेली. माझ्या पिढीला ती अजून तोंडपाठ आहे. ‘एक सूर एक ताल’ या उपक्रमात त्यांनी हजारो शाळकरी मुलांना एका मैदानात एकत्र गायला उभं केलं. ज्यांनी १९६६ साली एम. एस. सुब्बुलक्ष्मींनी संयुक्त राष्ट्रांत गायलेल्या संस्कृत प्रार्थनेला चाल दिली, तेच वसंत देसाई मुंबईच्या पोरांना टाळीवर ताल शिकवत होते. डिसेंबर १९७५ मध्ये लिफ्टच्या अपघातात ते गेले.

त्यांच्या या गाण्यांकडे पेटी घेऊन बसलं की काही गोष्टी लक्षात येतात. ओळी आखूड असतात, श्वास घ्यायला जागा असते. ध्रुवपद सोपं आणि बहुधा मध्य सप्तकात असतं. लय चालण्याच्या किंवा शांत बसण्याच्या जवळची असते. कठीण जागा असते, पण ती अंतऱ्यात. म्हणजे ज्याला अंतरा झेपत नाही, त्याला ध्रुवपदात परत यायला दार उघडं असतं. माझ्या त्या मुलालाही हे दार उघडंच होतं. बंद केलं ते मी.

त्या काळात असा विचार करणारे ते एकटे नव्हते. सलील चौधरींनी १९५० च्या दशकाच्या अखेरीस मुंबईत ‘बॉम्बे यूथ कॉयर’ उभं केलं. मद्रासला एम. बी. श्रीनिवासन या संगीतकाराने ‘मद्रास यूथ कॉयर’ काढलं आणि वेगवेगळ्या भाषांतली गाणी तरुण मुलांच्या आवाजांत बसवली. हे सगळे चित्रपटाचे संगीतकार. रोज उत्तमोत्तम गायकांबरोबर काम करणाऱ्या या माणसांना साध्या गळ्यांची ओढ होती.

पट्टी, श्वास आणि हरकत

१९८० च्या दशकात एनसीईआरटीच्या पुढाकाराने देशभर शिक्षकांसाठी सामुदायिक गायनाची शिबिरं होत असत. निरनिराळ्या भारतीय भाषांतली गाणी शिक्षकांना शिकवायची आणि त्यांनी ती शाळेत न्यायची, अशी ती योजना. स्पर्धेच्या पुढच्याच वर्षी मी अशा एका शिबिराला गेलो. तिथे जे शिकलो, ते आज कोणत्याही शिक्षकाच्या उपयोगी पडेल म्हणून थोडं सविस्तर सांगतो.

पहिली गोष्ट पट्टीची. मूळ गायिका ज्या पट्टीत गाते, ती तिच्या गळ्याची पट्टी. आपण रेकॉर्ड ऐकतो आणि मुलांना त्याच पट्टीत ओढतो. काळी चारमधलं गाणं पांढरी चारला किंवा त्याखाली आणलं की अर्ध्या वर्गाचा ताण जातो. पट्टी उतरवली म्हणजे गाणं उतरलं, असं मला आधी वाटायचं. ते खोटं आहे.

दुसरी गोष्ट हरकतींची. एका गळ्यातली मुरकी मोत्यासारखी असते. तीच चाळीस गळ्यांतून एकदम आली की चिखल होतो. तेव्हा मुरकीच्या जागी तिचा मुख्य स्वर ठेवायचा आणि सरळ म्हणायचा. कोणता स्वर मुख्य, हे ओळखण्यात खरं कसब आहे.

तिसरी गोष्ट मधल्या वाद्यांच्या जागांची. मूळ गाण्यात दोन कडव्यांच्या मधे सतार असते, व्हायोलिनचा ताफा असतो. आमच्याकडे पेटी, ढोलकी, खंजिरी, टाळ आणि एका पालकाने दिलेलं बुलबुलतरंग. म्हणून मधली जागा आम्ही तोंड मिटून गुणगुणण्याने भरली, तर कधी नुसत्या लेझमीने. या बाबतीत आमचे खरे गुरू म्हणजे लग्नाचे बँडवाले. जालन्यात १९व्या शतकात इंग्रजांची छावणी होती. अशा छावण्यांतून लष्करी बँडची वाद्यं आणि वाजवण्याची रीत आपल्याकडे आली आणि पुढे वरातीत शिरली. नवा सिनेमा लागला की आठ दिवसांत बँडमास्तर त्यातलं गाणं क्लॅरिनेट, ट्रंपेट आणि ढोलावर बसवतो. शब्द नाहीत, गायक नाही, तरी वरातीतलं पोर गाणं ओळखतं. गाण्याचा कणा कोणता आणि मांस कोणतं, हे त्याला पुस्तकाशिवाय कळलेलं असतं.

आणि चौथी गोष्ट, जिच्यासाठी हे सगळं सांगतो आहे. फुटणाऱ्या आवाजाची. तेरा-चौदाव्या वर्षी मुलाचा गळा बदलतो तेव्हा त्याचे सगळे सूर जात नाहीत. मधले चार-पाच सूर शाबूत असतात, फक्त तेवढीच जागा त्याची असते. शिबिरातल्या मार्गदर्शकांनी सांगितलं, ‘त्याच्या हातात त्या चार सुरांची ओळ द्या. बाकीचे अंतरा म्हणत असतील तेव्हा त्याला खालचा षड्ज धरून ठेवू द्या. पंचम जमला तर पंचम.’ तंबोरा आपल्या गाण्यात तेच करतो. चार मुलांनी षड्ज भरला आणि वर मुलींनी अंतरा घेतला, की अंगावर काटा येतो. मी तो प्रयोग तिथे ऐकला आणि त्या रात्री मला झोप लागली नाही. माझ्या शाळेतल्या त्या मुलाच्या वाट्याचा सूर गाण्यात होता. मला तो दिसला नव्हता.

हे नुसतं आपल्याकडचंच शहाणपण नाही. हंगेरीत झोल्तान कोडाय (१८८२–१९६७) या संगीतकाराने गावोगावची लोकगीतं गोळा करून शाळेतल्या मुलांच्या वृंदगानासाठी बसवली. सुरुवात पाच स्वरांच्या चालींपासून. आपल्याकडेही पहिल्यांदा भूप शिकवतात, पाच स्वरांचा. शिकणाऱ्याचा गळा जिथे आहे तिथून गाणं सुरू करायचं, ही दोन्हीकडची समज एकच.

आजची गाणी

आता कुणी म्हणेल, ते दिवस गेले, हल्लीची गाणी कुठे शाळेत म्हणण्यासारखी आहेत? मी असं म्हणत नाही. ‘सैराट’ २०१६ मध्ये आला तेव्हा मधल्या सुट्टीत प्रत्येक बाकावर ‘झिंगाट’ वाजत होतं. अजय-अतुल यांनी त्या चित्रपटाच्या संगीतासाठी हॉलिवूडमधल्या स्टुडिओत मोठा पाश्चात्त्य वाद्यवृंद वापरला. करमाळ्याकडच्या मातीतली गोष्ट, तिला व्हायोलिन-चेलोचा साज अमेरिकेत चढला आणि तेच गाणं आमच्या पोरांनी पट्टी आणि कंपासपेटीवर उतरवलं. ही उतरवण्याची हौस मुलांत उपजत असते. शिक्षकाने तिला फक्त शिस्त द्यायची.

अलीकडचं सर्वांत मोठं उदाहरण सरकारी आहे. राजा बढे यांचे शब्द, श्रीनिवास खळे यांचं संगीत आणि शाहीर साबळे यांचा आवाज, असं ‘गर्जा महाराष्ट्र माझा’ फेब्रुवारी २०२३ मध्ये राज्यगीत झालं. महाराष्ट्राच्या स्थापनेच्या काळातलं हे गीत. राज्यगीत करताना दोनच चरण घेतले, अवधी १ मिनिट ४१ सेकंद ठरला आणि शाळांच्या परिपाठात त्याचा समावेश झाला. पोलिस बँडवरही ते वाजवता येतं. म्हणजे एका शाहिराचं गाणं आज राज्यातल्या सगळ्या मुलांचं समूहगान झालं आहे. शाहिराचा आवाज म्हणजे डफावरची ललकारी. ती साबळ्यांनाच शोभते. पाचवीतल्या मुलीने ती तशीच मारायला गेलं की घसा बसतो. बऱ्याच शाळांत हल्ली मोबाइलवर ट्रॅक लावतात आणि मुलं त्याच्यामागे किंचाळतात. माझी शिक्षकांना विनंती आहे, ट्रॅकची पट्टी मोबाइलवर खाली आणता येते, ती आणा. नाहीतर ट्रॅक बंद करा आणि एक खंजिरी घ्या.

मोंढ्यातली भेट

त्या मुलाचं पुढे काय झालं, ते सांगून थांबतो. मी निवृत्त झाल्यावर काही वर्षांनी जालन्याच्या मोंढ्यात तो भेटला. मोसंबीचा बाग होता म्हणाला, दुष्काळात गेला, आता सोयाबीन आहे. चहा झाला. मुलीबद्दल बोलला, ती शाळेच्या गाण्यात आहे म्हणाला. तेव्हा मी न राहवून ती स्पर्धेची गोष्ट काढली. म्हटलं, ‘तुला तसं सांगायला नको होतं मी. चुकलंच माझं.’

तो थोडा वेळ गप्प राहिला. मग हसला आणि म्हणाला, ‘सर, मी म्हणतच होतो की. बारीक आवाजात. तुम्हाला ऐकू आलं नाही.’

म्हणजे तो गात होता. पंधरा मुलांचं गाणं पंधरा मुलांचंच झालं होतं. गाणं बिघडलं नव्हतं, दुसरा क्रमांकही आला होता. मी ज्याची धास्ती घेतली, ते घडलंच नव्हतं. हे ऐकून मला हायसं वाटायला हवं होतं. तसं वाटलं नाही. कारण बारीक आवाजात, कुणाला कळू न देता गाण्याची पाळी मी त्याच्यावर आणली, ती आणलीच.

श्रोतेहो, मास्टर कृष्णराव काय किंवा वसंत देसाई काय, या मोठ्या माणसांनी गाणं सोपं केलं ते आपल्यासारख्यांच्या गळ्यात बसावं म्हणून. आपणही आपल्या शाळेत नव्या गाण्याची पट्टी उतरवू, हरकत काढू, ओळ तोडून दोघांत वाटू. आणि हे करताना गाणं कुणाच्या मापाने बेतायचं, असा प्रश्न पडला, तर पुढच्या रांगेतल्या गोड गळ्याच्या मुलीकडे बघू नका. ती कसंही म्हणेल. शेवटच्या रांगेत, भिंतीला टेकून उभा असलेला एक नववीतला मुलगा असेल. त्याला कोणते चार सूर येतात, ते आधी विचारा.